आवाजावर चालणारी कालगणना कशी रचावी

काल्पनिक जगाच्या कथा लिहिणाऱ्यांची हस्तलिखितं वाचताना एक चूक मला वारंवार भेटते. लेखक सांगतो की या जगात काळ आवाजाने मोजतात, आणि पुढच्या पानावर 'गर्जनामास', 'कूजनमास', 'गुंजनमास' अशी बारा नावं येतात. प्रत्येक महिना तीस दिवसांचा, आठवडा सात दिवसांचा, आणि नायिका म्हणते, "गर्जना पंधरा, सकाळी नऊ." ही आवाजाची कालगणना नव्हे. भिंतीवरच्याच दिनदर्शिकेला नवी लेबलं चिकटवली आहेत, एवढंच.

चूक कल्पनाशक्तीची नसते, क्रमाची असते. नावं सर्वांत शेवटी येतात. आधी काय, मग काय, ते खाली दिलं आहे. उदाहरणासाठी मी घुमणी नावाचं एक खोरं रचून घेतलं आहे: उंच कडे, वर्षाचे बरेच दिवस धुकं, सूर्य आणि चंद्र क्वचित दिसणारे. तुम्ही तुमचं खोरं घ्या.

## तयारी: वही, गच्ची आणि सात दिवस

लिहायला बसण्यापूर्वी एक आठवडा नुसतं ऐका. गच्चीवर, ओसरीवर, जिथे असाल तिथे. पहाटे, भर दुपारी, दिवेलागणीला आणि मध्यरात्री दहा-दहा मिनिटं बसा आणि ऐकू आलेला प्रत्येक आवाज वहीत उतरवा. वाहनांचे आवाज खोडून टाकले तरी चालतील, पण पाण्याची मोटर रोज किती वाजता सुरू होते ते खोडू नका. तुमच्या इमारतीचं ते घड्याळच आहे.

मग यादीतल्या प्रत्येक आवाजापुढे एक खूण करा.

'ऐ' म्हणजे ऐकलेला: तो निसर्गातून येतो आणि त्याची वेळ माणसाच्या हातात नसते. पाखरांचा कलकलाट, वळवाचा गडगडाट, पावशाचं 'पेरते व्हा', पहिल्या पावसानंतरचे बेडूक.

'वा' म्हणजे वाजवलेला: कुणीतरी मोजून, ठरवून केलेला. देवळातली घंटा, अजान, शाळेची घंटा, गिरणीचा भोंगा.

पुढची सगळी रचना या दोन खुणांवर उभी आहे. ऐकलेला आवाज ऋतू सांगतो, पण त्याला मोजता येत नाही. वाजवलेला आवाज मोजतो, पण हळूहळू चुकत जातो. दोन्ही हवेत, आणि एकाने दुसऱ्याला दुरुस्त करायला हवं. बहुतेक हस्तलिखितांत यांपैकी एकच असतो, म्हणून कालगणना एक तर नुसती सुंदर होते, नाही तर नुसती गणिती.

तपासणी: यादीत दोन्ही खुणांचे किमान तीन-तीन आवाज आहेत का? नसतील तर अजून ऐका.

## १. डोळे का नाही, हे आधी ठरवा

सूर्य-चंद्र दिसत असताना कुणी कानाने काळ का मोजेल? याचं उत्तर एका वाक्यात देता आलं पाहिजे. घुमणीत धुकं आहे. तुमच्याकडे भुयारात राहणारी माणसं असतील, दाट रान असेल किंवा आकाशाकडे पाहायला बंदी असेल. कारण कोणतंही चालेल, मात्र ते कथेत इतरत्रही जाणवायला हवं. धुक्यामुळे जिथे सूर्य दिसत नाही, तिथे कपडे वाळत घालण्याचंही काहीतरी वेगळं होणार.

## २. सर्वांत लहान माप उच्चारातून काढा

सेकंद आणि मिनिटं उचलू नका. इथे आपल्याकडे चांगला आधार आहे. आर्यभटीयात विनाडी, म्हणजे पळ, सांगताना साठ गुरू, म्हणजे दीर्घ, अक्षरं म्हणायला लागणारा वेळ किंवा सहा श्वास असं माप दिलं आहे. दिवसाच्या साठ घटिका, घटिकेची साठ पळं, म्हणजे पळ २४ सेकंदांचं. एका दीर्घ अक्षराला ०.४ सेकंद. स्वतः करून पाहा: सेकंदाला अडीच या चालीने 'का की कू' सहज म्हणता येतं, घाईही होत नाही आणि रेंगाळावंही लागत नाही.

घुमणीत मी अक्षरांऐवजी जात्यावरची ओवी घेतली. दूध तीन ओव्यांत उकळतं, नवा मुलगा पाच ओव्या श्वास रोखून दाखवतो. हे माप स्वयंपाकघरात, औषध खलताना, पाण्यात बुडी मारताना वापरायचं. तुमची ओवी स्वतः लिहा आणि ती दहा वेळा म्हणून घड्याळ लावून मोजा. मनातल्या मनात नको, मोठ्याने म्हणा. मनात आपण फार भरभर म्हणतो.

सावधान: लहान मापाने मोठा काळ मोजू नका. गाणारा शेकडा दोननेच घाईने गायला, तरी दिवसभरात २९ मिनिटांची चूक होते आणि तीस दिवसांत चौदा तासांहून जास्त. 'साधू अखंड जप करून वर्ष मोजतात' हे वाचायला छान वाटतं, पण महिनाभरातच त्यांची रात्र दिवसा येईल. तेच कथेत हवं असेल तर गोष्ट वेगळी.

आणखी एक सापळा, रातकिडे: रातकिड्यांच्या किरकिरीवर तास मोजणारी माणसं मला बऱ्याच कथांत भेटतात. किड्याची गती हवेच्या उष्णतेवर चालते. एमॉस डॉल्बेअर या अमेरिकी शास्त्रज्ञाने १८९७ साली याचं सूत्रच मांडलं. त्याचं प्रचलित रूप असं: १४ सेकंदांतल्या किरकिरी मोजा, त्यांत ४० मिळवा, की साधारण फॅरनहाइटमधलं तापमान मिळतं. म्हणजे रातकिडा हा तापमापक आहे. त्याला घड्याळाचं काम देऊ नका.

## ३. दिवसाची सम शोधा

दिवस कुठून सुरू होतो? पंचांगात सूर्योदयापासून, आपल्या मोबाइलमध्ये मध्यरात्रीपासून. आवाजाच्या जगात दिवस आवाजापासून सुरू झाला पाहिजे. तीच त्याची सम, म्हणजे तालाच्या पहिल्या मात्रेसारखी सुरुवातीची जागा.

घुमणीत नगारची पहाटे नगाऱ्याशी बसतो, पण आपल्या मनाने टिपरी उचलत नाही. आधी पाखरांचा कलकलाट होतो. धुक्यातही पाखरांना उजाडल्याचं कळतं. तो ऐकला की नगारची दिवसाचा पहिला ठोका देतो आणि त्याच क्षणी घंगाळात घटिकापात्र सोडतो. बुडाला भोक असलेली ती वाटी भरून बुडते, की पुन्हा सोडायची. दिवसाचे पुढचे तीन ठोके वाट्या मोजून: माध्यान्ह, दिवेलागण, मध्यरात्र. वाट्या मोजण्यात दिवसभरात काही चूक झालीच, तर दुसऱ्या दिवशी पाखरं ती पुसून टाकतात.

रोज नवी सम. तबलजी मध्ये कितीही भरकटला तरी समेवर येतो, तसं. चूक साचू न देणारा ऐकलेला आवाज प्रत्येक मोठ्या मापाला हवा: दिवसाला पाखरं, वर्षाला दुसरं काहीतरी, ते पुढे येईल.

तपासणी: तुमचा घड्याळजी एक रात्र झोपून गेला, तर दुसऱ्या दिवशी सकाळी सगळं परत जुळतं का? जुळत नसेल तर सम चुकीच्या जागी आहे.

## ४. ठोक्यातून तारीख कळली पाहिजे

या पायरीला सर्वांत जास्त वेळ द्या, आणि बहुतेक जण ती गाळतात. नगारा वाजला हे ठीक, पण अंथरुणात पडलेल्या आजीला आज कितवा दिवस हे त्यातून कसं कळणार? 'सत्ताविसाव्या दिवशी सत्तावीस ठोके' हे उत्तर नव्हे. मोजून पाहा, अकरा-बारानंतर घोळ होतोच, आणि मध्येच जाग आलेल्या माणसाला तर काहीच कळणार नाही.

जहाजांवरच्या घंटेची जुनी पद्धत बघा. चार तासांच्या पहाऱ्यात दर अर्ध्या तासाला एक टोल वाढत जातो, आठपर्यंत. पण टोल जोडीजोडीने देतात, म्हणून सात म्हणजे तीन जोड्या आणि एक सुटा. कान आकडा मोजत बसत नाही, आकृती ओळखतो. पहारा संपला की पुन्हा एकपासून, त्यामुळे आकडा मोठा होतच नाही.

घुमणीसाठी मी झपतालाचा, म्हणजे दहा मात्रांच्या तालाचा, सांगाडा घेतला. दहा दिवसांचं एक आवर्तन, विभाग २-३-२-३. ठोके दोन प्रकारचे: जाड आणि बारीक. जाड ठोके विभाग सांगतात, मग एक दम, मग बारीक ठोके त्या विभागातला दिवस सांगतात. सातवा दिवस म्हणजे तिसऱ्या विभागाचा दुसरा: तीन जाड, दोन बारीक. दहावा दिवस: चार जाड, तीन बारीक. कोणत्याही दिवशी सातच्या वर ठोका जात नाही.

झपतालात सहावी मात्रा 'खाली' असते, म्हणजे तिथे टाळी न देता हात रिकामा सोडतात. म्हणून सहाव्या दिवशी जाड नगारा वाजतच नाही, तिन्ही ठोके त्याच्या काठावर पडतात. मोजायची गरजच नाही, तो कोरडा टकटक आवाज आला की पोरांना कळतं, आज बाजार नाही आणि शाळाही नाही. एवढ्या एका निर्णयातून मला खोऱ्यातल्या सुट्टीचा, उपासाचा आणि एका भांडणाचा प्रसंग मिळाला.

ताल घेताना नुसता आकडा घेऊ नका, त्याची चाल घ्या. सात दिवसांचा आठवडा हवाच असेल तर सात मात्रांचा रूपक ताल आहे, पण त्याची सम 'खाली'च्या मात्रेवर पडते. म्हणजे ते लोक आठवडा रिकाम्या हाताने सुरू करतात. हा विचार कथेत येणार नसेल, तर रूपक घेऊन काय मिळवलं?

सावधान: पहिला ठोका नेहमी हुकतो. लोक कामात असतात, झोपेत असतात. म्हणून ठोक्यांआधी इशारा ठेवा (घुमणीत शिंग फुंकतात) आणि ठोके दोनदा द्या.

तपासणी: मित्राला तुमच्याकडे पाठ करून बसवा, टेबलावर बोटांनी ठोके वाजवा, आणि दिवस ओळखायला सांगा. पाचांपैकी चार वेळा बरोबर आलं तर पुढे जा. बहिऱ्या माणसाला तारीख कशी कळते, हेही आताच ठरवा. घुमणीत नगारखान्याचा खांब अंगणापर्यंत आलेला आहे, त्याला तळवा लावला की ठोका हाताला कळतो. हा विचार मागाहून चिकटवला, की तो चिकटवलेलाच दिसतो.

## ५. वर्ष बंद करू नका

आता गणित. आपलं वर्ष सुमारे ३६५ दिवसांचं. दहाने भागलं की साडेछत्तीस आवर्तनं. इथे नवशिके 'छत्तीस आवर्तनं आणि पाच सणाचे दिवस' करून मोकळे होतात. चुकीचं नाही, पण त्यात आवाज कुठे आहे?

घुमणीचं वर्ष धबधब्याच्या पहिल्या आवाजाने सुरू होतं. उन्हाळ्यात कोरडा पडलेला कडा पहिल्या मोठ्या पावसात बोलतो, तो दिवस पहिला. तिथून नगारा ३४ आवर्तनं मोजतो, म्हणजे ३४० दिवस. मग नगारची टिपऱ्या कापडात गुंडाळून ठेवतो. धबधबा पुन्हा बोलेपर्यंत नगारा नाही, तारीख नाही. या काळाला 'मुकं' म्हणतात.

मुकं सरासरी २५ दिवसांचं. पण पाऊस सरासरीने येत नाही. आकड्यांसाठी आपलाच मोसमी पाऊस घेतला. केरळात तो येण्याची सर्वसाधारण तारीख १ जून, पण १९१८ मध्ये तो ११ मे रोजी आला होता आणि १९७२ मध्ये १८ जूनला. ही दोन टोकं लागोपाठच्या वर्षांत आली असं धरा. आधी लवकर, मग उशिरा, तर वर्ष ४०३ दिवसांचं आणि मुकं ६३ दिवसांचं. उलटं झालं तर वर्ष ३२७ दिवसांचं, म्हणजे चौतीस आवर्तनं पुरी व्हायच्या आधीच धबधबा बोलला.

तेव्हा काय करायचं, हे लेखकाला ठाऊक असलं पाहिजे. नगाऱ्याचं ऐकायचं की धबधब्याचं? धबधब्याचं ऐकलं तर शेवटचे तेरा दिवस गळतात, आणि त्या दिवसांत जन्मलेल्यांचा वाढदिवस त्या वर्षी येतच नाही. नगाऱ्याचं ऐकलं तर पावसात भिजत लोक जुनं वर्ष मोजत राहतील. चांद्रवर्ष ३५४ दिवसांचं असल्याने पडणारा फरक आपलं पंचांग अधिक महिना घालून भरून काढतं. घुमणीत तो मुक्यात जिरतो. दोन्हींत कुणीतरी निर्णय घेतं, आणि निर्णय घेणाऱ्याच्या हाती सत्ता येते.

मुक्याचे नियम लिहून काढा. मी काढलेले काही: कर्जावर व्याज चढत नाही. करार होत नाहीत. मुक्यात जन्मलेल्या मुलाचं वय पहिल्या ठोक्यापासून मोजतात. म्हणून सावकार धबधब्यापाशी रखवालदार ठेवतो, आवाज आला की पहिला निरोप त्याला. कथा तिथे सुरू झाली. नावांपासून ती कधीच झाली नसती.

दीर्घ युगासाठीही ऐकलेला आवाज शोधा. अमेरिकेत काही सिकाडा कीटक १३ किंवा १७ वर्षं जमिनीखाली राहून एकदम वर येतात आणि रान दणाणून सोडतात. तुमच्या जगात असा आवाज असेल, तर 'तिसऱ्या दणक्याच्या वेळचा माणूस' असं वय सांगता येईल.

## ६. अंतर मोजा

हा भाग छोटा आहे, पण टाळू नका. आवाज एक किलोमीटर जायला सुमारे तीन सेकंद घेतो. सहा किलोमीटरच्या खोऱ्याच्या दुसऱ्या टोकाला ठोका अठरा सेकंद उशिरा पोचतो. तारखेला फरक पडत नाही, पण दोन टोकांनी एकाच वेळी मशाल पेटवायची असेल तर पडतो.

एका राजधानीतली घंटा साऱ्या राज्याला ऐकू जात नाही. दर तीन किलोमीटरवर चौकी ठेवा, ऐकायचं आणि पुढे वाजवायचं. तीस किलोमीटरला आवाजाचे दीड मिनिट आणि मधल्या नऊ नगारच्यांनी हात उचलायला घेतलेले पाच-पाच सेकंद धरले, तर सव्वादोन मिनिटं. मात्र एका चौकीने ठोका चुकवला, की पुढची सगळी गावं चुकीच्या दिवसात जगतात.

पहाटे आणि रात्री जमिनीलगतची हवा गार असते, आवाज खाली वळतो आणि लांब जातो. भर दुपारी उलट, तो वर निघून जातो. म्हणून तारखेचा ठोका पहाटेच ठेवा.

## ७. आता नावं

ऋतूंना नावं द्या, ती ऐकलेल्या आवाजांवरून. मराठीकडे असे शब्द ढिगाने आहेत: खळखळ, रिपरिप, सळसळ, गडगड, किर्र, धो धो. पण निवडताना एक कसोटी लावा: शब्दाला विभक्ती लागते का? 'सळसळीत लग्न ठरलं', 'खळखळीपासून आजारी आहे' हे तोंडात बसतं. 'किर्रमध्ये' अडखळतं, 'धो धो'ला तर काहीच लागत नाही. ज्या नावाचं सामान्यरूप होत नाही, ते नाव लोकांच्या तोंडी टिकत नाही.

घरात लोक ऋतूचं नाव घेतात, कागदावर आवर्तनाचा आकडा: 'बाविसावं, तीन-दोन'. म्हणजे बाविसाव्या आवर्तनाचा सातवा दिवस. तोंडी आणि लेखी तारीख वेगळी ठेवली की पात्रंही वेगळी बोलू लागतात. कारकून आकड्यात बोलतो, आजी सळसळीत.

एक अडचण खास मराठीची. आपण वेळ विचारतोच आवाजाने: "किती वाजले?" तुमच्या पात्राने हेच विचारलं तर वाचकाच्या डोळ्यांपुढे भिंतीवरचं घड्याळ येईल आणि सगळी मेहनत वाया जाईल. घुमणीत विचारतात, "काय ऐकलंस?" आणि उत्तर येतं, "दिवेलागण व्हायचीय अजून."

सावधान: रागांच्या वेळा उचलू नका. सकाळी भैरव, संध्याकाळी यमन हे वाचकाला आधीच ठाऊक आहे, त्यात तुमचं जग दिसत नाही. दुसऱ्या मुलखाची यादीही तशीच उचलता येत नाही. चिनी पंचांगात वर्षाचे ७२ तुकडे आहेत, त्यांत मेघगर्जना सुरू होण्याचा आणि थांबण्याचाही तुकडा आहे. जपानात ते जसेच्या तसे बसेनात, म्हणून सतराव्या शतकात शिबुकावा शुनकाई या ज्योतिषाने ते तिथल्या हवामानाप्रमाणे पुन्हा लिहिले. आवाज जागेचे असतात.

## ८. मोडून पाहा

शेवटी कागद घ्या आणि तीन दिवस लिहून काढा: नगारची आजारी आहे तो दिवस, खोऱ्याबाहेरचा पाहुणा तारीख विचारतो तो दिवस, आणि मुक्यात कुणी मेलं तो दिवस. प्रत्येकी अर्धं पान पुरे. जिथे पेन अडेल, त्या पायरीवर परत जा. माझं पेन तिसऱ्या दिवसावर अडलं, कारण दहावा-बारावा कोणत्या दिवसापासून धरायचा हेच ठरेना. तीन आठवडे झाले, घुमणीतले लोक अजून त्यावर वाद घालताहेत, आणि मी तो मिटवलेला नाही.